सोसायटीच्या कमिटीला जाब विचारायचाय? लक्ष्मीपुरीतल्या वकिलांचा अनुभव (पाचपैकी चार)

वकिलांचं नाव इथं टाकणार नाही, ते आधीच सांगतो. वकिलांनी स्वतःची जाहिरात करायला बार कौन्सिलची मनाई आहे, आणि माझं लिहिणं चार ग्रुपवर फिरून उद्या त्यांच्याच डोक्याला ताप व्हायला नको. कोल्हापुरात लक्ष्मीपुरीत ऑफिस आहे, हाउसिंग सोसायटीची आणि पतसंस्थांची कामं बघतात, एवढं पुरे. 'कमिटीनं घोळ घातलाय, पण विचारायला गेलं की तुम्ही कोण म्हणतात' अशा ठिकाणी जे अडकलेत, त्यांनी पुढचं वाचावं. बाकीच्यांना कंटाळा येईल.

राजारामपुरीत आमची २४ फ्लॅटची सोसायटी. आम्ही अगदी वरच्या मजल्यावर, डोक्यावर थेट गच्ची. फ्लॅट वडिलांच्या नावावर होता, ते २०२३ मध्ये गेले. आई माझ्याजवळच असते. मेंटेनन्स मी भरतो, पावती अजून वडिलांच्या नावानं फाटते. गच्चीचं वॉटरप्रूफिंग संपलेलं, आणि कोल्हापूरचा पाऊस म्हणजे सांगायला नको. हॉलच्या कोपऱ्यात स्लॅबचे पोपडे धरून आतलं लोखंड दिसायला लागलं. उद्यमनगरात माझा लेथचा कारखाना आहे, गंज कसा आतून खातो ते मला कुणी शिकवायला नको.

गच्चीची गळती हा सोसायटीचा खर्च, हे उपविधीत (सोसायटीच्या नियमावलीत) स्पष्ट लिहिलंय. कमिटी म्हणाली, पैसे नाहीत. आणि त्याच वर्षी बिल्डिंगला बाहेरून रंग लागला, पार्किंगमध्ये पेव्हिंग ब्लॉक बसले. काम सेक्रेटरींच्या साडूंनी केलं. कोटेशन किती मागवली, पैसे कुठून आले, कुणाला पत्ता नाही. सिंकिंग फंडाची (इमारतीच्या मोठ्या दुरुस्तीसाठी राखून ठेवलेल्या पैशांची) ठेव मोडली, अशी जिन्यात कुजबुज. मी लेखी विचारलं. चेअरमननी पत्र हातातसुद्धा घेतलं नाही. वर गोड बोलून सांगितलं, "दादा, तुमचं म्हणणं बरोबर असंल, पण तुम्ही सभासद कुठं हाय? सभासदांनी विचारू दे, उत्तर देतो की."

लक्ष्मीपुरीच्या आधी मी दुसऱ्या एका ओळखीच्या वकिलांकडे गेलो होतो. त्यांनी दहा मिनिटांत नोटीस तयार केली, तीन हजार घेतले. सोसायटीचं उत्तर चार ओळींचं आलं: नोटीस देणार इसम हे संस्थेचे सभासद नाहीत, सबब नोटिशीतील मजकुराची दखल घेण्याचे कारण नाही. त्यावर ते ओळखीचे वकील म्हणाले, काळजी करू नका, दिवाणी कोर्टात मनाईचा दावा ठोकू. दाव्याची फी सांगितली तेव्हा मी म्हटलं, जरा थांबू.

लक्ष्मीपुरीत गेलो तो २०२५ चा जून. वकीलसाहेब साठीच्या आसपासचे, टेबलावर फायलींचा ढीग, भिंतीला शाहू महाराजांचा फोटो. मी गच्चीपासून सुरुवात केली. त्यांनी हात वर करून थांबवलं आणि विचारलं, "सोसायटी हाय का अपार्टमेंट?"

म्हटलं, काय फरक पडतो? तर खूप पडतो. आपल्याकडं बोलताना सगळ्यालाच अपार्टमेंट म्हणतात. पण जिथं बिल्डरनं डीड ऑफ डिक्लरेशन (नोंदणी केलेलं घोषणापत्र) केलंय, ती इमारत १९७० च्या अपार्टमेंट ओनरशिप कायद्याखाली येते. तिथं मताचं वजन सामाईक जागेतल्या प्रत्येकाच्या अविभक्त हिश्श्याच्या टक्क्यावर, आणि सहकार कायद्याची कलमं तिथं लावता येत नाहीत. सोसायटी असेल तर १९६० चा महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, एका सभासदाला एक मत, मग फ्लॅट वन बीएचके असो की थ्री. पुढचा प्रश्न, "शेअर सर्टिफिकेट आणलंय?" मी नेलं होतं. वडील एसटीत हिशेबाच्या खात्यात होते, कागद जपायची त्यांची पद्धत होती. पन्नास रुपयांचे पाच शेअर, एकूण अडीचशे रुपये, खाली तीन सह्या आणि गोल शिक्का. वकिलांनी ते उलटं केलं. मागच्या बाजूला हस्तांतरणाच्या नोंदींचा तक्ता असतो, तो मी जन्मात कधी बघितला नव्हता. तक्ता कोरा. त्या कोऱ्या रकान्यावर पेन आपटत म्हणाले, "केस चांगली हाय ओ. पण ती तुमची न्हाई. आईंची हाय."

माझ्या दृष्टीनं त्यांच्या पहिल्या भेटीचे हजार रुपये या एका वाक्यात वसूल झाले.

मग त्यांनी जे समजावलं ते मी माझ्या भाषेत सांगतो. सोसायटीच्या कारभाराबद्दलचा वाद दिवाणी कोर्टात जातच नाही. कलम १६३ नं ती वाट बंद केलीय. तो जातो सहकार न्यायालयात, कलम ९१ खाली. आणि तिथं दोन दारं ओलांडावी लागतात. एक, वाद कशाबद्दल आहे: संस्थेची घटना, निवडणूक, सभेचं कामकाज, व्यवस्थापन किंवा व्यवहार यांपैकी काहीतरी पाहिजे. दुसरं, वाद कुणाकुणात आहे. दोन्ही बाजू कायद्यानं सांगितलेल्या यादीतल्याच पाहिजेत: संस्था, कमिटी, माजी कमिटी, पदाधिकारी, सभासद, माजी सभासद, किंवा सभासदाच्या, मयत सभासदाच्या मार्फत हक्क सांगणारा. पहिल्या दारातनं सगळे आत जातात, दुसऱ्याला अडकतात.

मी विचारलं, वडिलांचा वारस म्हणून मी बसत नाही का त्या यादीत? मयत सभासदाच्या मार्फत हक्क सांगणारा त्या यादीत आहे, हे त्यांनीच वाचून दाखवलं होतं. ते म्हणाले, बसता. पण तुम्ही गेलात की समोरचा वकील पहिला मुद्दा हाच काढणार की अर्जदार सभासद नाही. त्या मुद्द्यावर तारखा पडणार, गच्ची गळत राहणार, आणि ठेवीचा विषय कुणी काढणारच नाही. "आधी दप्तरात नाव लावून घ्या, मग भांडा. साखर कारखान्याच्या सभासदाला वारसनोंद सांगायला लागत न्हाई. फ्लॅटवाल्याला लागतीय बघा."

हे अगदी खरं. आपल्या जिल्ह्यात घरटी कुणीतरी साखर कारखान्याचा, दूध संस्थेचा, सेवा सोसायटीचा सभासद असतो. आजोबा गेले की तेराव्याच्या आधी शेअर कुणाच्या नावावर करायचा याची चर्चा होते, कारण उसाची तोड आणि सवलतीची साखर त्याच्यावर अवलंबून. तीच माणसं शहरात फ्लॅट घेतात आणि बाप गेल्यावर दहा-दहा वर्षं शेअर सर्टिफिकेट कपाटात ठेवून देतात. आमच्याच बिल्डिंगमध्ये असे चार निघाले.

आता आईचं. वडिलांनी नॉमिनेशन आईच्या नावानं केलं होतं, आणि त्याची सोसायटीच्या शिक्क्याची पोच फायलीत होती. २०१९ मध्ये सहकार कायद्यात हाउसिंग सोसायट्यांसाठी वेगळं प्रकरण घातलंय, त्यात कलम १५४ब-१३ आहे. सभासद वारला की नॉमिनीला तात्पुरता सभासद करून घ्यायचं, खरे वारस कायम सभासद होईपर्यंत. नॉमिनी नसेल तर कमिटीला जो वारस दिसतो त्याला. नॉमिनी म्हणजे मालक नव्हे, हेही त्यांनी दोनदा बजावलं, माझी बहीण इचलकरंजीला असते म्हणून. कायम नोंदीसाठी मृत्युपत्र, वारस दाखला, उत्तराधिकार प्रमाणपत्र किंवा वारसांनी मिळून केलेला कौटुंबिक व्यवस्थेचा दस्त, यातलं काहीतरी लागतं. आमच्यात वाद नव्हता, तो दस्त झाला.

आणि माझं काय? तर आई सभासद झाली की तिच्या लेखी शिफारशीवर मुलगा म्हणून मी सहयोगी सभासद होऊ शकतो. पूर्वी ज्याचं नाव सर्टिफिकेटावर दुसरं, त्याला सहयोगी म्हणायचे. २०१९ पासून त्याला संयुक्त सभासद म्हणतात, आणि सहयोगी म्हणजे सभासदाचा जवळचा नातेवाईक, ज्याचं नाव सर्टिफिकेटावर नसतं. नवरा, बायको, आई, बाप, भाऊ, बहीण, मुलगा, मुलगी, जावई, सून, पुतणे, भाचे असे सगळे त्यात येतात. तो सभासदाच्या आगाऊ लेखी संमतीनं सभेला बसू शकतो, मत देऊ शकतो. जुनी उपविधीची पुस्तिका घेऊन कमिटीशी वाद घालणाऱ्यांनी हे जरूर बघावं, आमचे सेक्रेटरी अजून जुन्याच अर्थानं बोलत होते.

आईचा अर्ज, मृत्यूचा दाखला, नॉमिनेशनची पोच, बहिणीचं संमतीपत्र, सगळं लावून तयार झालं. सेक्रेटरींनी घ्यायला नकार दिला. वकिलांना ते अपेक्षितच होतं. एक प्रत स्पीड पोस्टानं, दुसरी उपनिबंधक कार्यालयात, म्हणजे सोसायट्यांवर देखरेख ठेवणाऱ्या सहकार खात्याच्या ऑफिसात, आवक शिक्का मारून. "कुणाच्या हातात द्यायचं न्हाई, कुणाच्या पाया पडायचं न्हाई. शिक्का घ्यायचा." ऑगस्टच्या मासिक सभेत आईचा ठराव झाला.

तोपर्यंत हात बांधून बसलो नव्हतो. सोसायटी माहितीच्या अधिकारात येत नाही, हे सुप्रीम कोर्टानं २०१३ मध्ये केरळच्या एका सहकारी बँकेच्या प्रकरणात सांगितलंय. पण त्याच निकालात हेही आहे की निबंधक हा सार्वजनिक प्राधिकारी आहे, आणि कायद्यानं त्याला संस्थेकडून जी माहिती मिळवता येते ती त्यानं द्यायची. लेखापरीक्षण अहवाल निबंधकांकडं जातोच. तेव्हा दहा रुपयांचा कोर्ट फी स्टँप लावून मी नागरिक म्हणून अर्ज केला. इथं सभासद आहे का, भाडेकरू आहे का, कुणी विचारत नाही. अहवाल हातात आला. ठेव मुदतीआधी मोडलेली, रक्कम 'दुरुस्ती व सुशोभीकरण' खाली. शेऱ्यात लेखापरीक्षकांनी साधा प्रश्न टाकला होता की सर्वसाधारण सभेचा ठराव दिसून येत नाही. सिंकिंग फंड हा पुनर्बांधणीला, इमारत मजबूत करायच्या कामाला किंवा मोठ्या दुरुस्तीला, तोही आर्किटेक्टचा दाखला आणि सभेचा ठराव घेऊन वापरायचा असतो. रंग त्यात बसत नाही. पेव्हिंग ब्लॉक तर नाहीच नाही.

सप्टेंबरअखेर वार्षिक सभा. पार्किंगमध्ये, त्याच नव्या ब्लॉकवर खुर्च्या मांडलेल्या. माझा सहयोगी सभासदाचा अर्ज अजून मंजूर व्हायचा होता, म्हणून मी जिन्याच्या कठड्याला टेकून उभा. आत बसलो असतो तर त्याच कारणावरून सभा तहकूब केली असती. आई पहिल्या रांगेत. वकिलांनी तिला तीन प्रश्न लिहून दिले होते, मोठ्या अक्षरात, आणि ते आठवडाभर आधी लेखी दिलेले होते. या मसुद्याचे त्यांनी पैसे घेतले नाहीत. आई प्राथमिक शाळेत शिक्षिका होती. ती उठली, चष्मा लावला आणि हजेरी घ्यावी तशा आवाजात वाचलं: ठेव कोणत्या तारखेला मोडली, कोणत्या ठरावानं मोडली, तो ठराव वाचून दाखवा. चेअरमन म्हणाले, काकू, नंतर ऑफिसात या, दाखवतो. आई म्हणाली, "इथंच दाखवा. मी तीन जिने चढून ऑफिसात येत नाही. आणि माझा प्रश्न लिहून घेतला का, तो आधी वाचून दाखवा." मागून कुणीतरी हसलं. इतिवृत्तात प्रश्न आला, उत्तराच्या जागी 'माहिती घेऊन कळविण्यात येईल' आलं. वकील म्हणाले, हेच पाहिजे होतं. ठराव असता तर वाचला असता.

पुढची पायरी कलम ८३ ची चौकशी. निबंधक स्वतःहून किंवा एक पंचमांश सभासदांच्या अर्जावर संस्थेची घटना, कामकाज आणि आर्थिक स्थिती यांची चौकशी लावू शकतात. (विशेष सर्वसाधारण सभा बोलावण्याची मागणी करायला सुद्धा तेवढेच सभासद लागतात, कलम ७६.) २४ सभासद म्हणजे पाच सह्या. सोपं वाटतं ना? संध्याकाळी दारोदार फिरून बघा.

दुसऱ्या मजल्यावरच्या वहिनी सगळ्यात जास्त चिडलेल्या, पण फ्लॅट सासऱ्यांच्या नावावर, आणि सासरे गडहिंग्लजला. खालचे एक गृहस्थ दहा वर्षं राहतात, ते भाडेकरू; मूळ मालक बंगळूरला, फोनवर 'तुमचं काय ते बघा' म्हणतात. एका घरात नवरा-बायको दोघांची नावं सर्टिफिकेटावर, दोघंही सही करायला तयार. पण फ्लॅट एक, सभासद एकच धरायचा, पहिलं नाव बायकोचं, म्हणून तिची सही. एकांकडं कुलमुखत्यारपत्र होतं, ते नाचवत होते. वकील म्हणाले, ते फ्लॅट विकायला चालेल, इथं वाद वाढवू नका. आणि तिसऱ्या मजल्यावरचे काका, ज्यांनी कमिटीचा निषेध म्हणून मेंटेनन्सच बंद केला होता! बिल दिल्यापासून तीन महिन्यांत भरलं नाही की माणूस थकबाकीदार होतो. मग त्याच्या तक्रारीला किंमत राहत नाही. उलट सोसायटीच कलम १५४ब-२९ खाली वसुलीचा दाखला मिळवून जमीन महसुलासारखी वसुली लावू शकते. वर उपविधीप्रमाणं २१ टक्क्यांपर्यंत व्याज. वकिलांनी काकांना निरोप पाठवला: आधी पैसे भरा, पावतीवर 'हरकत राखून' असं पत्र जोडा, मग सही करायला या. काका दोन दिवस रुसले, मग भरले.

इथं वकिलांचा एक गुण सांगितला पाहिजे. सह्या गोळा करायच्या आधी त्यांनी सगळ्यांना ऑफिसात बोलावून सांगितलं की कलम ८५ खाली चौकशीचा खर्च निबंधक मागणाऱ्या सभासदांवरसुद्धा टाकू शकतात. एक जण ऐकून उठून गेला. मला राग आला होता, जमलेला माणूस फुटला म्हणून. पण ही गोष्ट नंतर कळली असती तर सगळेच फुटले असते. शेवटी सहा सह्या झाल्या. पाच पुरे होत्या, पण आई तात्पुरती सभासद, तिच्यावर कुणी शंका काढली तरी बाकीच्या पाच शाबूत राहाव्यात, म्हणून एक जास्तीची.

मध्ये आमच्या ग्रुपवर उत्साहाचं एक भरतं आलं होतं. १८ ऑगस्ट २०२५ ला हायकोर्टाचं सर्किट बेंच इथं कोल्हापुरात सुरू झालं, सीपीआर हॉस्पिटलसमोरच्या जुन्या कोर्टाच्या इमारतीत. चाळीस वर्षांहून जास्त लढल्यावर मिळालेलं, आनंद होणारच. मीही म्हटलं, आता मुंबईला जायला नको, थेट हायकोर्टात रिट टाकू. वकीलसाहेबांनी चहा खाली ठेवला. "बेंच जवळ आलंय, कायदा हाय तिथंच हाय." खासगी हाउसिंग सोसायटी म्हणजे काही सरकार नव्हे, तिच्या कमिटीविरुद्ध थेट रिट सहसा उभं राहत नाही. निबंधकांनी चुकीचा आदेश दिला, किंवा आदेशच दिला नाही, तर त्यांच्याविरुद्ध वरच्या पायऱ्या आहेत; सहकार न्यायालयाच्या निकालावर सहकार अपील न्यायालय आहे; ते सगळं झाल्यावर हायकोर्ट. रिटची फी घेऊन माझी हौस भागवणारे वकील मिळाले असते. यांनी घेतली नाही.

आता तक्रारी, कारण चारच का दिले ते सांगायला हवं.

वेळ. पाचला या म्हणतात आणि स्वतः साडेसहाला येतात. बसायला दोन खुर्च्या, त्यातल्या एकीवर फायली. फोन उचलत नाहीत. व्हॉट्सॲपवर रात्री अकरा वाजता व्हॉइस मेसेज येतो, त्यात मागं टीव्हीचा आवाज. कलमांचे आकडे असल्या मेसेजमध्ये ऐकून लिहून घेणं म्हणजे डोकेदुखी. टायपिंग वेगळं, पानाला वीस रुपये, आणि टायपिस्टनं आईच्या अर्जात वडिलांचं आडनाव दोन पानांवर दोन तऱ्हेनं लिहिलं. ते मी पकडलं म्हणून बरं, नाहीतर सेक्रेटरींना तेवढंच निमित्त पुरलं असतं. सही करण्यापूर्वी प्रत्येक पान स्वतः वाचा, वकील कितीही मोठे असोत.

पावती मागितल्याशिवाय मिळत नाही. मागितली की लगेच देतात, पण मागायला लागते. पैसे सगळे मिळून असे झाले: पहिल्या भेटीचे हजार, आईच्या अर्जाच्या संचाचे अडीच हजार, कलम ८३ च्या अर्जाचे सहा हजार, ते आम्ही सहा जणांत वाटून घेतले. कोल्हापूरच्या मानानं महाग म्हणणार नाही. आधीच्या नोटिशीचे तीन हजार मात्र मला अजून टोचतात.

बोलण्याची सवय फार. कारखान्याच्या निवडणुका, कुणाचं पॅनेल कसं पडलं, कुणाचा अर्ज छाननीत कसा उडवला, हे चालू झालं की अर्धा तास गेला. खरं सांगायचं तर त्यातलं निम्मं मजेदार असतं आणि त्यातनंच मला कळलं की निवडणुकीच्या वादाला मुदत फार तोकडी असते, बाकीच्या वादांसारखं वर्षानुवर्षं थांबता येत नाही. पण घाईत असाल तर जाऊ नका.

आणि सगळ्यात मोठी तक्रार: या पद्धतीनं वेळ लागतो. नाव लावा, सभेत विचारा, इतिवृत्तात आणा, सह्या घ्या, मग अर्ज. बरोबर असेल, पण तोवर आमचा एक अख्खा पावसाळा बादल्या लावून गेला. गळतीसाठी वेगळं काहीतरी लवकर करता आलं असतं असं माझं मत आजही आहे. वकील म्हणतात, गळतीचा आणि ठेवीचा वाद एकाच अर्जात घातला असता तर कमिटीनं गच्चीवर ताडपत्री टाकून 'तक्रार निवारण झाली' म्हणून सगळं गुंडाळलं असतं. ताडपत्री त्यांनी तशीही टाकली, ऑक्टोबरात, पाऊस संपल्यावर.

सध्या कुठं आहे: आई कायम सभासद झाली, सर्टिफिकेटाच्या मागच्या तक्त्यात नोंद आली, तीन सह्यांसकट. मी नोव्हेंबरात सहयोगी झालो. कलम ८३ चा अर्ज उपनिबंधक कार्यालयात आहे, कमिटीला खुलासा मागवणारं पत्र गेलंय. चौकशीत नुकसान निघालं तर कलम ८८ खाली ते जबाबदार माणसांकडून भरून घ्यायची तरतूद आहे, पण ते लांबचं. दरम्यान चेअरमननी वॉटरप्रूफिंगची तीन कोटेशन नोटीस बोर्डावर लावलीत. तिन्ही वेगवेगळ्या लोकांची आहेत, मी चौकशी केली.

ज्यांना जायचंय त्यांनी शेअर सर्टिफिकेट मूळ न्यावं, झेरॉक्स नाही, आणि मागची बाजू घरीच बघून जावं. बरोबर शेवटचं मेंटेनन्सचं बिल आणि पावती. नॉमिनेशनची पोच सापडली तर सोन्याहून पिवळं. आणि ज्याच्या नावावर फ्लॅट आहे त्यालाच घेऊन जा, तुम्ही कितीही हुशार असा. ते त्याच्याशीच बोलतात. माझ्या आईशी ते तासभर बोलले, मला मध्ये बोलू दिलं नाही. लिफ्ट नाही, जिना अरुंद आहे. वयस्कर माणूस असेल तर खालून टायपिस्टला फोन लावा, वकीलसाहेब स्वतः खाली येतात आणि गाडीत बसून कागद वाचून दाखवून सही घेतात. त्याचे वेगळे पैसे लावत नाहीत.